मांजर आधी सांगतं, मग चावतं

मागच्या अंकात एका उत्तरात मी सहज लिहून गेले, ‘मांजर न सांगता चावत नाही.’ या एका वाक्यावर इतकी पत्रं येतील असं वाटलं नव्हतं. निम्म्या पत्रांत हातांवरच्या ओरखड्यांची हकिगत आहे, आणि दोन तर चक्क रागावलेली आहेत. म्हणून या वेळचं सगळं सदर त्या वाक्याच्या नावावर.

नव्या वाचकांसाठी पुन्हा सांगते, मी डॉक्टर नाही. जनावरांच्या दवाखान्यात २६ वर्षं मी मांजरं धरायचं काम केलं. सुई डॉक्टर टोचतात, चावा मात्र धरणाऱ्याला बसतो. त्यामुळे मांजराच्या मनात काय चाललंय यापेक्षा पुढच्या दोन सेकंदांत ते काय करणार आहे, हे वाचायला मी आधी शिकले. माझी उत्तरं त्याच अंगानं येतात, हे लक्षात ठेवून वाचा.

ताई, तुमचं ते वाक्य आमच्या चिंगीला वाचून दाखवायला हवं. रोज रात्री मी टीव्ही बघत असते तेव्हा ती आपण होऊन मांडीवर येऊन बसते. मी पाठीवरून हात फिरवत राहते, ती घुरघुर करते. पाच-दहा मिनिटं सगळं छान चालतं, आणि मग काही कारण नसताना वळून कचकन चावते. रक्त येत नाही, पण मनाला लागतं. यात सांगणं कुठे आलं?

चिंगी सांगत असते आणि तुम्ही टीव्ही बघत असता. रागावू नका, पण एक दिवस टीव्ही बंद ठेवा आणि तिच्याकडे बघत हात फिरवा. घड्याळही लावायला नको.

बहुधा असं दिसेल. आधी शेपटीचं फक्त टोक हलायला लागतं, एखाद्याची बोटं टेबलावर वाजावीत तसं. मग पाठीवरची कातडी एकदा थरथरते, माशी बसल्यासारखी. मग एक कान बाजूला वळतो, बहुतेक वेळा तुमच्या हाताच्या बाजूचा. अंग, जे आतापर्यंत मांडीवर सांडल्यासारखं पडलेलं असतं, ते किंचित गोळा होतं. मग ती मान वळवून हाताकडे बघते. तुमच्याकडे नाही, हाताकडे. आणि घुरघुर थांबते. दवाखान्यात घुरघुर थांबली की मी डॉक्टरांना नुसतं ‘हं’ म्हणायचे आणि ते हात मागे घ्यायचे. चावा या सगळ्यानंतर येतो. म्हणजे तुम्ही ज्याला ‘अचानक’ म्हणता ते तिचं पाचवं किंवा सहावं वाक्य आहे.

आणि रक्त येत नाही, हे तुम्ही तक्रारीत लिहिलंत, पण मला ते तिच्या बाजूचं वाटतं. मांजराचा सुळा मनात आणलं तर बोटात खोलवर जातो. माझ्या उजव्या अंगठ्यात गेलाय, दोन दिवसांत अख्खा हात सुजला होता. (मांजराचा दात खरंच आत रुतला तर जखम वरून बारीक दिसते म्हणून घरी बसू नका, त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा. ती आतून पिकते.) चिंगी दात लावते आणि सोडते. तिला तुम्हाला इजा करायची नाही, हात थांबवायचा आहे.

तिला तुमचा कंटाळा आलाय असंही नाही. मांजरं एकमेकांना चाटतात तेव्हा बघा, काम थोडक्यात आटोपतं आणि तेही मुख्यतः डोक्यावर-मानेवर. आपण मात्र मान ते शेपूट, मान ते शेपूट, अशी इस्त्री फिरवत राहतो. २०१५ साली ब्रिटनमधल्या लिंकन विद्यापीठातल्या संशोधकांनी मांजरांना शरीराच्या वेगवेगळ्या भागांवर गोंजारून पाहिलं होतं. शेपटीच्या मुळाशी हात गेला की नाराजीच्या खुणा सगळ्यांत जास्त दिसल्या. गाल, हनुवटी, कान आणि डोळा यांच्या मधला विरळ केसांचा पट्टा, इथे गंधाच्या ग्रंथी असतात. मांजर दाराच्या चौकटीला आणि तुमच्या पोटऱ्यांना जे गाल घासतं ते याच ग्रंथींचा वास लावायला. तिथे बोटानं खाजवलेलं बहुतेकांना आवडतं.

करायचं एवढंच, तीन-चार वेळा हात फिरवा आणि उचलून घ्या. तिनं डोकं पुढे करून हात शोधला तर पुन्हा सुरू करा. नुसती बसून राहिली तर तिला मांडी हवी आहे, हात नको आहे. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे मला स्वतःला कळायला दहाएक वर्षं लागली. चावल्यावर ओरडू नका, नाकावर टपली तर मुळीच मारू नका. त्यातून ती एवढंच शिकेल की आधीची पाच वाक्यं वाया जातात, थेट सहाव्यावर यावं.

जाता जाता, तुम्ही ‘घुरघुर’ लिहिलंत ते बरं केलंत. बरेच जण मांजराच्या समाधानी आवाजालाही ‘गुरगुर’ म्हणतात आणि रागाच्या आवाजालाही. मग फोनवर ‘गुरगुरतंय’ म्हटलं की मी विचारते, दात दिसतायत का मांडीवर झोपलंय?

आमचा बोका माझ्यासमोर धपकन आडवा होतो, उताणा होऊन पोट दाखवतो. हात लावला की चारी पायांनी हात कवटाळून मागच्या पायांनी ओरबाडतो. याला कपट नाही तर काय म्हणायचं?

घराचं दार उघडं दिसलं म्हणून पाहुणा थेट स्वयंपाकघरात शिरून डबे उघडत नाही. बोका पोट दाखवतो म्हणजे तुमच्यासमोर पोट उघडं टाकायला त्याला भीती वाटत नाही. खूप मोठी गोष्ट आहे, तिथेच थांबा. पोटाला फासळ्यांचं कुंपण नाही, त्यामुळे तिथे काही लागलं की मागचे पाय आपोआप चालतात. त्याला ‘काय रे’ म्हणा, फार तर हनुवटीखाली एक बोट लावा.

फक्त एक फरक लक्षात ठेवा. दुसऱ्या मांजराशी जुंपलेली असताना, कान सपाट पाडून, किंचाळत मांजर उताणं झालं तर ती शरणागती नव्हे. चारही पंजे आणि दात मोकळे करून घेतलेली ती लढाईची बैठक आहे.

आमच्याकडे १३ वर्षं कुत्रा होता. तो गेल्यावर मुलीनं मांजरी आणली. परवा ती खिडकीपाशी बसून जोरजोरात शेपूट हलवत होती, म्हणून मी कौतुकानं जवळ गेलो, तर फिस्कारली. या वयात मला नवी भाषा येणार का?

काका, येईल. तुम्हाला जुनी विसरावी लागेल, तेवढाच त्रास. चार्ल्स डार्विननं १८७२ सालीच माणसांच्या आणि प्राण्यांच्या भावनांवरच्या पुस्तकात लिहून ठेवलंय की, चिडलेलं मांजर अंग जमिनीलगत लांबवतं आणि शेपूट इकडून तिकडे आपटतं. तेच मांजर लाडात आलं की ताठ उभं राहतं, पाठ उंचावतं आणि शेपूट सरळ वर धरतं. कुत्र्याची हलणारी शेपूट बहुधा ‘या’ म्हणते. मांजराची आपटणारी शेपूट म्हणते ‘आत्ता नको’. तुमची मांजरी बाहेरच्या कशावर तरी तापलेली होती आणि तुम्ही मागून गेलात.

शेपटीच्या बाबतीत पाठ करण्यासारखी एकच गोष्ट, ताठ वर उभी शेपूट म्हणजे नमस्कार. टोकाला आकडा असेल तर आणखी छान. पिल्लं आईकडे अशीच शेपूट वर करून धावतात, आणि मोठी झाल्यावर ती खूण ओळखीच्या मांजरांसाठी आणि आपल्यासाठी राखून ठेवतात. १९९० च्या दशकात ब्रिटनमधल्या एका संशोधिकेनं मांजरांना कागदात कापलेल्या मांजराच्या सावल्या दाखवल्या होत्या. शेपूट वर असलेल्या सावलीकडे मांजरं लवकर गेली, आणि जाताना स्वतःची शेपूटही वर केली. कागदाला नमस्कार!

पण नुसती शेपूट वाचून मी कधी कुठल्या मांजराला हात घातला नाही. शेपूट वर आहे आणि थरथरतेय, तर तुम्हाला पाहून झालेला आनंद असेल. तेच मांजर पडद्याकडे पाठ करून, मागचे पाय जागच्या जागी हलवत शेपूट थरथरवत असेल तर पडदा वाचवा, ते मुतून खूण करतंय. खेळण्यावर झडप घालायच्या आधीही शेपूट हलते, त्यात राग नसतो.

म्हणून माझा क्रम असा. आधी कान. मांजराचा कान जवळजवळ अर्धवर्तुळात फिरतो आणि दोन्ही कान स्वतंत्र फिरतात, त्यामुळे बातमी तिथे आधी येते. पुढे टवकारलेले म्हणजे उत्सुकता, विमानाच्या पंखांसारखे आडवे पडले की बेचैनी, मागे सपाट चिकटले की हात खिशात. मग डोळ्यांच्या बाहुल्या. मोठ्या झाल्या म्हणजे भीती किंवा उत्तेजना, पण त्याआधी खोलीतला उजेड बघा. अंधारात सगळ्याच मांजरांच्या बाहुल्या मोठ्या होतात, उगाच घाबरायचं कारण नाही. मग शेपूट. आणि शेवटी, हे दवाखान्यात शिकलेलं, अंगाचं वजन कुठे आहे ते. पुढे झुकलेलं मांजर तुमच्याकडे येऊ बघतंय. पाय पोटाखाली घेऊन वजन मागे ओढून बसलेलं मांजर पळायची वाट शोधतंय, आणि ती वाट तुम्ही अडवून उभे असाल तर चूक तुमची. नव्वद टक्के वेळा मी नुसती एक पाऊल बाजूला झाले आणि फिस्कारणं थांबलं. (टक्के माझ्या अंदाजाचे आहेत, कुणी मोजले नव्हते.)

फिस्कारणं हे भांडण नसतं, काका. ते भांडण टाळण्यासाठी असतं. तुमच्या मांजरीनं पंजा मारला नाही, आधी तोंडानं सांगितलं. सभ्य आहे ती.

आमच्या दोन मांजरी बहिणी आहेत, चार वर्षं एकाच टोपलीत झोपतात. गेल्या आठवड्यात खिडकीबाहेर एक परका बोका आला. मोठी त्याच्याकडे बघत होती. धाकटी सहज तिच्याजवळ गेली, तर मोठीनं तिच्यावर हल्ला केला. मी सोडवायला गेले, माझाही हात फाडला. तेव्हापासून दोघी एकमेकींना बघून फिस्कारतात. सांगितलं कुठे होतं?

इथे मला माझं वाक्य थोडं मागे घ्यावं लागतं. मोठीनं सांगितलं होतं, पण तुम्हाला नाही. आठवून बघा, खिडकीत ती दगडासारखी बसली असेल, नजर हलत नसेल, शेपूट आपटत असेल, घशातून खर्जात गुरगुर चालली असेल. ते सगळं बाहेरच्या बोक्याला उद्देशून होतं. काच मध्ये असल्यामुळे तो राग जागच्या जागी उकळत राहिला, आणि जे पहिलं अंगाला लागलं त्याच्यावर फुटला. धाकटी त्या वेळी तिच्या लेखी धाकटी नव्हतीच.

आता दोघींना वेगळ्या खोल्यांत ठेवा. पाणी, खाणं, मातीचा ट्रे, सगळं वेगवेगळं. काहींचा राग दोन-चार तासांत उतरतो, काहींना दिवस लागतात. ‘समजूत घालायला’ एकीला उचलून दुसरीसमोर नेऊ नका, ही चूक फार लोक करतात. एकीची चादर दुसरीच्या खोलीत टाका, म्हणजे वासाची ओळख टिकते. दाराच्या दोन्ही बाजूंना दोघी निवांत खायला लागल्या की मग दार बोटभर उघडा. फिस्कारल्या तर पुन्हा बंद, उद्या बघू. खिडकीच्या खालच्या भागाला कागद लावा, म्हणजे बोका दिसणार नाही.

आणि पुन्हा कधी दोघी जुंपल्या तर मध्ये हात घालू नका. उशी किंवा पुठ्ठा सरकवा. तुमचा हात किती फाटला ते लिहिलं नाहीत. दाखवलात ना?

आमची मांजरी ११ वर्षांची आहे. चार दिवस पलंगाखाली बसून असते, खाणं निम्म्यावर आलंय. जवळ गेलं तर घुरघुर करते, म्हणून ह्यांचं म्हणणं की ती आनंदात आहे, वयामुळे शांत झालीय. मला तसं वाटत नाही. कुणाचं खरं?

तुमचं. हे उत्तर छापून येईपर्यंत थांबू नका म्हणून तुम्हाला आधीच कळवलं होतं, पण हा प्रश्न इतरांच्याही घरात असेल म्हणून इथे सविस्तर लिहिते.

घुरघुर म्हणजे आनंद, हे अर्धं खरं आहे. दवाखान्यात मोडलेल्या पायाची मांजरं घुरघुर करताना मी ऐकली आहेत, प्रसूतीच्या कळा देणारी ऐकली आहेत, आणि शेवटचे श्वास घेणारीही. म्हणून घुरघुरीबरोबर बाकीचं शरीर बघायचं. २०१९ साली कॅनडातल्या माँट्रियल विद्यापीठातल्या पशुवैद्यांनी मांजराच्या चेहऱ्यावरून वेदना मोजायची एक पट्टी प्रसिद्ध केली. त्यात पाच गोष्टी पाहतात: कान एकमेकांपासून लांब जाऊन बाहेर वळलेत का, डोळे बारीक झालेत का, तोंडाचा गोलावा ताणून लांबट झालाय का, मिशा सैल वळणाऐवजी ताठ सरळ झाल्यात का, आणि डोकं खांद्यांच्या रेषेच्या खाली उतरलंय का. प्रत्येकीला ० ते २ गुण. १० पैकी ४ किंवा जास्त झाले की वेदनेवर औषध द्यायचा विचार करायचा. घरी तुम्ही गुण देत बसायची गरज नाही, पण मोबाइलवर मांजराचा सुखात असतानाचा एक समोरून फोटो काढून ठेवा. शंका आली की शेजारी धरून बघा. दवाखान्यातही तो फोटो उपयोगी पडतो, कारण तिथे आल्यावर भीतीनं सगळ्याच मांजरांचे चेहरे बदलतात.

मी स्वतः हे चुकवलंय, तेही सगळं शिकून झाल्यावर. माझा बोका बाराव्या वर्षी कपाटावर उडी मारायचा थांबला. मी म्हटलं, म्हातारा शहाणा झाला. मग तो पाठीचा मागचा भाग चाटेनासा झाला, तिथे केसांच्या गुठळ्या व्हायला लागल्या. मी म्हटलं, आळशी झाला. एक दिवस गुठळी सोडवताना कमरेवर बोट दाबलं गेलं आणि तो फाडकन चावला. शेपटीचं टोक नाही, कान नाही, काही नाही. न सांगता चावणारं मांजर मी माझ्याच घरात पाहिलं, आणि ते कमरेच्या दुखण्यामुळे. २००२ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात १२ वर्षांवरच्या १०० मांजरांचे एक्स-रे तपासले होते, ९० मांजरांच्या सांध्यांत झीज दिसली. मी ते वाचलं नंतर. तेव्हा दुरुस्ती लिहून घ्या: दुखरी जागा दाबली गेली किंवा गाढ झोपेतून दचकवलं, तर मांजर न सांगताही चावतं. आणि सहसा न चावणारं मांजर चावायला लागलं, तर स्वभावाला दोष देण्याआधी तपासून घ्या.

मांजर दुखणं सांगत नाही, ते कमी करत जातं. उडी कमी, चाटणं कमी, खेळ कमी, दारापर्यंत येणं कमी. कमी झालेली गोष्ट डोळ्यांना दिसत नाही, हीच अडचण.

दोन गोष्टी सकाळपर्यंत थांबवायच्या नाहीत. बोका ट्रेमध्ये पुन्हा पुन्हा जाऊन कुंथतोय आणि लघवी होत नाहीये, तर मार्ग अडलेला असू शकतो, एक-दोन दिवसांत जीव जातो. बऱ्याच घरांत त्याला बद्धकोष्ठता समजून बसतात. आणि स्वस्थ बसलेलं मांजर तोंड उघडून धापा टाकत असेल तर लगेच निघा. घरातली माणसांची वेदनेची गोळी मात्र कधीच देऊ नका. पॅरासिटामॉल मांजरासाठी विष आहे, अर्धी गोळीसुद्धा.

मी सातवीत आहे. माझी मांजर मनी लांबून माझ्याकडे बघते आणि हळूच डोळे मिटते, मग उघडते. दादा म्हणतो तिला झोप येते. मला वाटतं ती मला काहीतरी सांगते. आणि दुसरा प्रश्न, ती दादाच्या मोज्यांचा वास घेते आणि मग तोंड उघडं टाकून वेड्यासारखी बघत बसते. असं का?

पहिल्या प्रश्नात तू जिंकलीस. २०२० साली ब्रिटनमधल्या ससेक्स आणि पोर्ट्समथ विद्यापीठांतल्या संशोधकांनी हेच तपासलं. मालकांनी मांजरांकडे बघून सावकाश डोळे बारीक केले, मिटले. मांजरांनीही तसंच उत्तर जास्त वेळा दिलं. मग अनोळखी माणसांनी तसे डोळे मिटून हात पुढे केला, तर कोऱ्या चेहऱ्याच्या माणसापेक्षा त्यांच्याकडे मांजरं जास्त गेली. टक लावून बघणं मांजराला धमकीसारखं वाटतं. डोळे मिटणं त्याच्या उलट.

तू करून बघ. थोडी लांब बस, मनी तुझ्याकडे बघेल तेव्हा पापण्या हळूहळू खाली आण, क्षणभर मिट, हळूच उघड. लगेच उठून तिला उचलायला जाऊ नकोस, मग ती म्हणेल ही बोलते एक आणि करते एक. तिनं मान फिरवली तर त्या दिवशी सोडून दे.

दुसरं, मोज्यांचं. मांजराच्या टाळूला, पुढच्या दातांच्या मागे, बारीक छिद्रं असतात आणि ती एका वेगळ्या गंधेंद्रियाकडे जातात. खास वास सापडला की मांजर वरचा ओठ उचलून, तोंड अर्धं उघडं ठेवून तो वास तिथे ओढून घेतं. चेहरा किळस आल्यासारखा दिसतो, पण ती नीट वाचत असते. दादाला सांग, मनीला त्याच्या मोज्यांत फार रस आहे. धुवायचे की नाही, ते तुम्ही दोघांनी ठरवा.